'नायक' : चाळिशीतला स्टार आणि फाडलेली पानं

या सदरात आपण असा सिनेमा निवडतो, जो घरातल्या सगळ्यांनी मिळून बघावा आणि संपल्यावर टीव्ही बंद करून दहा मिनिटं तरी त्यावर बोलावं. आजचा सिनेमा जुना आहे, ब्लॅक अँड व्हाइट आहे आणि बंगालीत आहे. एवढं वाचून स्क्रोल करू नका, थोडं थांबा. कारण हा सिनेमा तुमच्या घरातल्या त्या माणसाबद्दल आहे, ज्याचं सगळं छान चाललंय असं सगळ्यांना वाटतं आणि जो हल्ली रात्री उशिरापर्यंत जागा असतो.

सिनेमाचं नाव 'नायक'. दिग्दर्शक सत्यजित राय. साल १९६६. अनिल कपूरचा एक दिवसाचा मुख्यमंत्री असलेला 'नायक' वेगळा, तो २००१ चा. हा नायक कुणालाही धडा शिकवत नाही. तो ट्रेनमध्ये बसतो आणि एका रात्रीत त्याला स्वतःचाच हिशेब द्यावा लागतो.

गोष्ट काय आहे?

अरिंदम मुखर्जी हा बंगाली सिनेमाचा सगळ्यात मोठा स्टार. त्याला दिल्लीत एक पुरस्कार घ्यायला जायचंय. विमानाचं तिकीट मिळत नाही, म्हणून तो कोलकात्याहून ट्रेनने निघतो. त्याच दिवशीच्या पेपरात त्याच्याबद्दल एक बातमी आहे, पण ती पुरस्काराची नाही. एका क्लबमध्ये झालेल्या मारामारीत त्याचं नाव आलंय. नवीन सिनेमाही फारसा चालणार नाही अशी चिन्हं आहेत. म्हणजे एकीकडे सन्मान आणि दुसरीकडे घसरण सुरू झाल्याची शंका, असं दोन्ही बरोबर घेऊन तो गाडीत चढतो.

तेव्हा राजधानी एक्सप्रेस नव्हती. ती हावडा ते नवी दिल्ली अशी धावायला लागली १९६९ साली. पण सिनेमातली ही गाडीही ऐटदार आहे. फर्स्ट क्लासचे डबे आहेत, खुर्च्यांचा डबा आहे आणि एक डायनिंग कार आहे, जिथे पांढऱ्या टेबलक्लॉथवर चहा येतो. या डायनिंग कारमध्ये अरिंदमला भेटते अदिती सेनगुप्ता. ती बायकांसाठीचं 'आधुनिका' नावाचं मासिक चालवते. सिनेमातले स्टार वगैरे तिला फारसे आवडत नाहीत. आधी ती येते ती कुणासाठी तरी सही मागायला. मग तिच्या लक्षात येतं की या माणसाची मुलाखत छापली तर मासिकाचा खप वाढेल. ती प्रश्न विचारायला लागते आणि गुपचूप लिहून घ्यायला लागते.

बस्स, एवढीच गोष्ट. पाठलाग नाही, खून नाही, कोणी गाडीतून पडत नाही. दोन तासांच्या आसपासच्या या सिनेमात माणसं बसतात, चहा पितात, सिगारेट ओढतात आणि बोलतात. तरीही मी मध्येच मोबाइल बघायला हात पुढे केला नाही. आजच्या काळात सिनेमाला यापेक्षा मोठं सर्टिफिकेट कोणतं देणार?

स्टारच्या भूमिकेत खराखुरा स्टार

अरिंदमची भूमिका केली आहे उत्तम कुमार यांनी. आपल्याकडच्या बऱ्याच जणांना ते 'अमानुष' (१९७५) या हिंदी सिनेमामुळे आठवतील. बंगालमध्ये मात्र त्यांचं नाव घेताना आजही लोक 'महानायक' म्हणतात. कोलकाता मेट्रोच्या टॉलीगंज भागातल्या स्टेशनला त्यांचंच नाव दिलेलं आहे.

राय यांनी ही कथा स्वतः लिहिली, कोणत्याही कादंबरीवरून घेतली नाही. आणि लिहिताना त्यांच्या डोळ्यांसमोर उत्तम कुमारच होते. का, ते त्यांचं आयुष्य थोडं वाचलं की कळतं. त्यांचं खरं नाव अरुण कुमार चॅटर्जी. सुरुवातीला ते कोलकाता बंदरात कारकून होते आणि फावल्या वेळात नाटकं करायचे. सिनेमात आले तेव्हा पहिले काही सिनेमे सपशेल पडले. नंतर असे दिवस आले की रस्त्यावर चालणं मुश्कील झालं. 'नायक' आला तेव्हा त्यांचं वय होतं ३९. म्हणजे पडद्यावरचा माणूस आणि पडद्यामागचा माणूस दोघंही चाळिशीच्या उंबरठ्यावर उभे.

मराठीत 'चाळिशी' म्हणजे वयही आणि चष्माही. हा सिनेमा बघताना ही गंमत सारखी आठवत राहते. अरिंदमच्या डोळ्यांवर काळा गॉगल असतो, लोकांपासून लपण्यासाठी. अदितीच्या डोळ्यांवर साधा चष्मा असतो, नीट दिसण्यासाठी. दोघं समोरासमोर बसतात आणि हळूहळू त्याचा गॉगल खाली येतो.

अदिती झालेल्या शर्मिला टागोर तेव्हा जेमतेम २१ वर्षांच्या होत्या. 'कश्मीर की कली' (१९६४) येऊन गेला होता, 'आराधना' (१९६९) यायचा होता. इथे मात्र ना गाणं, ना रंगीत साडी. साधा पोशाख, चष्मा आणि एक शांत, थोडी शंकेखोर नजर. हिंदीतल्या शर्मिलाच्या फॅन असलेल्या आई-आजींना हे रूप बघून नक्की आश्चर्य वाटेल.

आणखी एक गोष्ट सांगते. सिनेमातली ती ट्रेन धावत नव्हतीच. कला दिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्त यांनी डब्यांचा सेट स्टुडिओत उभा केला आणि खिडकीबाहेरची पळती झाडं पडद्यावर दाखवली. कॅमेरा सुब्रत मित्र यांचा. मुलांना हे सिनेमा संपल्यावर सांगा, आधी नको. मग 'खरंच? परत लाव ना!' असं म्हणतात की नाही बघा.

चितेसमोर घेतलेला निर्णय

आता मुद्द्याकडे येऊ. अरिंदमने नेमकी तडजोड केली तरी काय?

तो मुळात पाड्यावरच्या, म्हणजे आपल्या गल्लीतल्या नाटक मंडळीतला मुलगा. तिथले दिग्दर्शक शंकरदा हे त्याचे गुरू. शंकरदांना सिनेमा अजिबात मान्य नाही. त्यांचं म्हणणं असं की नाटकात नट स्वतः उभा असतो, सिनेमात तो बाहुली होतो. दोरी कधी दिग्दर्शकाच्या हातात, कधी कॅमेरामनच्या, कधी एडिटरच्या. आपल्या घरांमध्येही 'नाटकातला नट तोच खरा' असं म्हणणारं एखादं माणूस असतंच, त्यामुळे हा वाद आपल्याला परका वाटत नाही.

मग दुर्गा विसर्जनाच्या दिवशी शंकरदा अचानक जातात. स्मशानात चिता जळत असताना अरिंदम आणि त्याचा मित्र ज्योती बोलत बसतात. अरिंदम म्हणतो त्याचा सारांश असा : पुनर्जन्म वगैरे काही नसतं, मिळतं ते एकच आयुष्य. मग ते शंकरदांच्या मताप्रमाणे का घालवायचं? आणि सिनेमात जायचं ठरतं.

इथे एक गोष्ट लक्षात घ्या. सिनेमात जाणं ही अरिंदमची चूक आहे, असं राय कुठेही म्हणत नाहीत. स्वतः सिनेमा करणारा माणूस असं कसं म्हणेल? नाटक पवित्र आणि सिनेमा बाजारू, असा सोपा निकाल इथे नाही. उलट शंकरदाही थोडे हट्टीच वाटतात. अरिंदमने नोकरी बदलली, शहर बदललं, लाइन बदलली तर त्यात गैर काय? आपणही बदलतोच की.

मग त्याला त्रास कशाचा होतो? त्याचं उत्तर पुढच्या आठवणींमध्ये आहे.

दारावर आलेली माणसं

पहिला माणूस मुकुंद लाहिरी. अरिंदमच्या पहिल्या शूटिंगच्या वेळचा बडा नट. अरिंदम कॅमेऱ्यासमोर साधं, हळू आवाजात बोलतो, तर लाहिरी सगळ्यांसमोर त्याचा अपमान करतात. जुन्या पद्धतीच्या मोठ्या आवाजातल्या अभिनयाची त्यांना सवय. पुढे काळ बदलतो. लाहिरींचे सिनेमे पडतात आणि ते एके दिवशी अरिंदमकडे येतात, छोटंसं का होईना, काम मागायला. अरिंदम त्यांना काम देत नाही. जुना हिशेब चुकता होतो. पण काही वर्षांनी ट्रेनमध्ये बसून हे सांगताना त्याच्या चेहऱ्यावर जिंकल्याचा आनंद नाही. कारण आता त्याला कळलंय की तोही एक दिवस कुणाच्या तरी दारात असाच उभा राहू शकतो.

दुसरा बीरेश, जुना मित्र, कामगारांसाठी काम करणारा. एकदा तो अरिंदमला गाडीतून एका कारखान्याजवळ घेऊन जातो. तिथे कामगार संपावर बसलेत. बीरेशचं मागणं लहान आहे. उतर, दोन शब्द बोल, त्यांना धीर येईल. अरिंदम गाडीतून उतरत नाही. नाव खराब होईल, निर्माते नाराज होतील, ही भीती. तो मित्राला तिथेच सोडून निघून जातो.

तिसरी प्रमिला. सिनेमात काम मिळावं म्हणून ती त्याच्याकडे येते आणि पुढे त्याच्या आयुष्यात गुंतते. ती विवाहित आहे. पेपरात आलेल्या त्या मारामारीच्या मागे हीच गोष्ट आहे.

या तिघांकडे एकत्र बघितलं की सिनेमाचं म्हणणं स्पष्ट होतं. तडजोड म्हणजे एखाद्या काळ्या कोटातल्या माणसाने समोर ठेवलेला करार नसतो, ज्यावर आपण एका रात्रीत सही करतो. ती अशीच दारावर येते. कधी काम मागायला आलेला म्हातारा, कधी दोन शब्द बोल म्हणणारा मित्र. प्रत्येक वेळी 'आज नको' म्हणायला आपल्याकडे चांगलं कारण असतं. वीस वर्षांनी ती सगळी 'आज नको' एकत्र येऊन समोर बसतात. यालाच आपण मिडलाइफ क्रायसिस असं मोठं नाव देतो.

अरिंदमला पडणारं स्वप्न या सिनेमातलं सगळ्यात गाजलेलं दृश्य आहे. नोटांच्या ढिगाऱ्यांमधून तो मजेत चालतोय. मग टेलिफोन वाजायला लागतात, आणि ते रिसीव्हर धरणारे हात हाडांचे सांगाडे आहेत. तो त्या नोटांमध्ये चिखलात रुतावं तसा रुतायला लागतो. शंकरदा येतात, हात पुढे करतात, पण तो हात त्याला बाहेर काढत नाही. कसलेही कॉम्प्युटर इफेक्ट्स नसताना केलेलं हे दृश्य आजही अंगावर काटा आणतं. फोन वाजत राहणं हे १९६६ मध्ये यशाचं लक्षण होतं. आपल्या खिशात आज तो दर दोन मिनिटांनी वाजतो, त्यामुळे हे स्वप्न आपल्याला तेव्हाच्या लोकांपेक्षा जास्त कळावं.

बाकीच्या डब्यांमध्ये काय चाललंय?

मला हा सिनेमा खास का वाटतो, तर राय फक्त स्टारला आरोपीच्या पिंजऱ्यात उभं करत नाहीत. ते आख्खी गाडी दाखवतात.

अरिंदमच्या डब्यात हरेन बोस हे मोठे उद्योगपती, त्यांची पत्नी मनोरमा आणि तापाने आजारी असलेली मुलगी बुलबुल आहेत. मनोरमा त्याची फॅन आहे, बुलबुल वरच्या बर्थवरून त्याच्याकडे टक लावून बघत असते. बोससाहेबांना मात्र नटांबद्दल तुच्छता आहे.

दुसरीकडे प्रीतीश सरकार आहे, जाहिरातीच्या धंद्यातला. त्याला बोससाहेबांच्या कंपनीचं काम हवंय. बोससाहेबांना आपली बायको मॉली आवडली आहे हे त्याने हेरलंय. तिने त्यांच्याशी जरा गोड वागावं, एवढंच त्याचं म्हणणं. आणि हीच मॉली जेव्हा सिनेमात काम करायची इच्छा बोलून दाखवते, तेव्हा नवऱ्याला ते चालत नाही! धंद्यासाठी बायकोने परक्या माणसासमोर हसायचं, पण स्वतःच्या आवडीसाठी कॅमेऱ्यासमोर उभं राहायचं नाही. दोन-चार छोट्या प्रसंगांत राय एक आख्खं लग्न उघडं करून दाखवतात. घरी बघताना इथे कोणीतरी नक्की हसेल आणि कोणीतरी गप्प होईल.

एक म्हातारे गृहस्थ आहेत, सिनेमा आणि दारू यांच्या विरोधात पेपरात पत्रं लिहिणारे. एक स्वामी आहेत, ज्यांना आपल्या संस्थेची जाहिरात करायची आहे. म्हणजे बघा, सगळी प्रतिष्ठित मंडळी आहेत. सकाळी पेपर वाचून नटाच्या चारित्र्याबद्दल नाक मुरडणारी. आणि प्रत्येकजण काही ना काही विकतोय. फरक इतकाच की अरिंदमचं पेपरात छापून येतं, बाकीच्यांचं नाही.

म्हणून मी सुरुवातीला म्हटलं की हा आपल्या घरातला सिनेमा आहे. 'कलाकाराची तडजोड' म्हटलं की आपल्याला वाटतं, तो मोठ्या लोकांचा प्रॉब्लेम. पण ज्याने पेटीवर हात बसलेला असताना ती माळ्यावर ठेवली, कारण नोकरीत शिफ्ट होती, तोही कलाकारच. जिने चित्रकलेची परीक्षा पास होऊनही पुढे पेन्सिल फक्त मुलांच्या प्रोजेक्टसाठी हातात घेतली, तीही. त्यातल्या कितीतरी जणांनी हे आनंदाने केलंय आणि त्यांना त्याचं दुःखही नाही. पण काहींना आहे, आणि त्यांना ते कुणी विचारलेलं नाही.

अदितीने काय केलं?

आता सिनेमाचा शेवट सांगणार आहे. सहा दशकं होत आलेल्या सिनेमाला स्पॉयलर अलर्ट लावायचा का, माहीत नाही, पण ज्यांना नको असेल त्यांनी हा भाग सोडून पुढे जा.

रात्र वाढते. अरिंदम खूप पितो. डब्याच्या दाराशी उभा राहतो आणि कंडक्टरला सांगून अदितीला बोलावून घेतो. खाली रूळ धावतायत. तिला भीती वाटते की हा माणूस काही वेडंवाकडं करेल. त्याला प्रमिलाबद्दल सगळं सांगून टाकायचंय. म्हणजे तिच्या मासिकासाठी सगळ्यात मसालेदार माहिती, स्वतःहून, फुकट, तिच्यासमोर चालून आलेली आहे.

अदिती त्याला थांबवते. सांगायची गरज नाही, मला कळलं, असा तिचा सूर असतो. आणि ती त्याला आत जाऊन झोपायला लावते.

दुसऱ्या दिवशी डायनिंग कारमध्ये ती लिहून घेतलेली पानं त्याच्यासमोर फाडून टाकते. तो विचारतो, आठवणीतून लिहिणार का? ती सांगते की ते मनातच ठेवणार.

हा प्रसंग बघताना मला माझं काम आठवलं. मीही लिहिण्याच्याच धंद्यात आहे. कोणत्या हेडिंगवर लोक क्लिक करतात, कोणत्या फोटोवर बोट थांबतं, याचे आकडे रोज माझ्यासमोर असतात. 'अमक्या स्टारने रडत रडत केला खुलासा' हे हेडिंग किती चालेल, ते मला अंदाजाने सांगता येतं. अदितीलाही ते कळत होतं. तिचं मासिक छोटं आहे, खप वाढायला हवा आहे, म्हणूनच तर ती मुलाखत घ्यायला आली. म्हणजे पानं फाडताना ती काहीतरी खरंखुरं गमावते. चांगुलपणा फुकट असता तर या दृश्याला काही किंमत राहिली नसती.

या सिनेमात दुसऱ्याच्या कमजोरीचा फायदा घेण्याची संधी अनेकांना मिळते. अरिंदमला लाहिरींच्या बाबतीत मिळाली, प्रीतीशला बायकोच्या बाबतीत. दोघांनीही ती घेतली. ती सोडणारी अदिती एकटी. तडजोड न करणं म्हणजे काय, हे राय असं दाखवतात. भाषण नाही, त्याग वगैरे शब्द नाहीत. चार कागद फाडले आणि चहा संपवला.

आणि आपला काळ बघा. समोरच्याने रात्री दोन वाजता लिहिलेला मेसेज सकाळी स्क्रीनशॉट होऊन तिसऱ्याच ग्रुपवर असतो. मैत्रिणीने सांगितलेलं घरचं भांडण 'अगं, कुणाला सांगू नकोस हं' म्हणत चार घरं फिरतं. ज्याच्या बाबतीत एकदा असं झालं, तो माणूस पुन्हा कुणाशी मोकळा होत नाही. अरिंदमच्या आजूबाजूला रोज शेकडो लोक असतात, तरी त्याला मन मोकळं करायला ट्रेनमधली अनोळखी मुलगी शोधावी लागते. यात त्याचा एकट्याचा दोष नाही.

मला न पटलेल्या दोन गोष्टी

कौतुक पुष्कळ झालं. आता थोडं खटकलेलंही सांगते.

पहिली गोष्ट, प्रमिला. ती आपल्याला फक्त अरिंदमच्या आठवणीत आणि स्वप्नात दिसते. तिची बाजू काय, तिने काय गमावलं, ते कुणी विचारत नाही. बदनामीत पुरुषाचं नाव पेपरात येतं आणि बाईचं आयुष्य उद्ध्वस्त होतं, हे आपण पाहत आलोय. मॉलीला इतकं नीट समजून घेणाऱ्या राय यांनी प्रमिलेलाही थोडी जागा द्यायला हवी होती, असं वाटतं.

दुसरी गोष्ट जरा अवघड आहे. अरिंदमने मन मोकळं केलं, अदितीने ऐकलं, पानं फाडली. छान. पण मुकुंद लाहिरींचं काय? त्यांना काम मिळालं का? संपावरच्या कामगारांचं काय? कबुली दिल्याने आपल्याला हलकं वाटतं, पण ज्याचं नुकसान झालं त्याच्या हातात काय पडतं? सिनेमा याचं उत्तर देत नाही.

पण दुसऱ्यांदा बघितल्यावर मला वाटलं की राय यांना हे ठाऊक असावं. कारण शेवटी गाडी दिल्लीला पोहोचते, तेव्हा प्लॅटफॉर्मवर गर्दी असते, हार असतात, कॅमेरे असतात. अरिंदम गॉगल पुन्हा डोळ्यांवर चढवतो आणि हसतो. अदिती तिला घ्यायला आलेल्या नातेवाइकाबरोबर त्याच गर्दीतून निघून जाते. तो बदलला का? आपल्याला कळत नाही. एका रात्रीत माणूस बदलला असं दाखवलं असतं तर आपण टाळ्या वाजवल्या असत्या आणि विसरून गेलो असतो. इथे प्रश्न आपल्याबरोबर घरी येतो. ऐकून घेणारा माणूस आपल्याला त्या दारापासून मागे ओढू शकतो. पुढची पावलं मात्र आपली आपणच टाकायची.

घरी बघणार असाल तर

'नायक'ची नव्याने स्वच्छ केलेली प्रत २०२५ च्या फेब्रुवारीत देशातल्या थिएटरमध्ये पुन्हा लागली होती. त्यामुळे जुना सिनेमा म्हणजे खरखरणारा आवाज आणि रेघा मारलेला पडदा, अशी भीती बाळगू नका. प्रत निवडताना सबटायटल्स आहेत ना, तेवढं बघून घ्या.

लहान मुलांना तो कंटाळवाणा वाटेल, हे खरं. बारा-तेरा वर्षांच्या पुढच्या मुलांबरोबर बघायला हरकत नाही. दारू आणि सिगारेट भरपूर आहे, पण भडक असं काही नाही. घरी आजी-आजोबा असतील तर त्यांना नक्की सोबत घ्या. त्या काळातला ट्रेनचा प्रवास, डायनिंग कार, तेव्हाचे कपडे, हे बघून त्यांच्या आठवणी सुरू होतील आणि तुम्हाला एका सिनेमात दोन सिनेमे बघायला मिळतील. आपले जे वाचक इंदूर, बडोदा, हैदराबाद किंवा थेट कोलकात्यात राहतात, त्यांच्या शेजारी एखादं बंगाली कुटुंब असेल तर त्यांनाही बोलवा. उत्तम कुमार हा विषय काढा आणि मग तुम्हाला फक्त ऐकायचंच काम राहील.

सिनेमा संपल्यावर बोलायला हे तीन प्रश्न :

१. अरिंदमच्या जागी तुम्ही असता तर मुकुंद लाहिरींना काम दिलं असतं का? खरं सांगायचं!

२. मॉलीने नवऱ्याला काय उत्तर द्यायला हवं होतं?

३. अदितीने मुलाखत छापली असती तर ते चूक होतं का? ती पत्रकार आहे, लिहिणं हे तिचं कामच आहे.

तिसऱ्या प्रश्नावर आमच्या घरी बराच वेळ वाद झाला. बाबांचं म्हणणं, छापायला हवं होतं, लोकांना कळायला नको का मोठी माणसं कशी असतात? आईचं म्हणणं, जे मुलाखत म्हणून सांगितलं ते छापावं, जे माणूस म्हणून सांगितलं ते नाही. मी आईच्या बाजूने आहे, पण बाबांचा मुद्दाही सोडून देण्यासारखा नाही. तुमच्या घरी काय ठरलं ते आम्हाला जरूर कळवा.

आणि एक छोटं काम. तुमच्या ओळखीत चाळीस-पन्नाशीचं कोणीतरी असेल, जे आधी गायचं, लिहायचं, नाटकात काम करायचं आणि आता त्याबद्दल बोलत नाही. त्यांना या आठवड्यात एकदा विचारा, 'तुम्ही ते का सोडलंत?' उत्तर कदाचित साधंच असेल. कदाचित चहाचे दोन कप होतील. बोलत असतील तेव्हा फोन उलटा ठेवा. आणि जे ऐकाल, ते अदितीसारखं मनातच ठेवा.

भेटू पुढच्या भागात, नव्या सिनेमासोबत!